अमेरिकेतले इनडोअर फुटबॉलचे छोटे संघ एवढ्या लवकर बंद का पडतात? एखाद्या संघाचा इतिहास कुणी सांगेल का?

क्वाड सिटी स्टीमव्हीलर्स, हातात चेंडू घेऊन पळायच्या अमेरिकन फुटबॉलचा इनडोअर संघ. 2000 ते 2009, दहा हंगाम. प्रश्नातलं 'छोटे संघ' वाचून लिहायला बसलो, कारण याच विषयावर माझं आणि माझ्या मेहुण्याचं आजतागायत वाजतं.

मी तेव्हा इलिनॉयमधल्या मोलीनला होतो. जॉन डिअर ट्रॅक्टरचं गाव, त्यामुळे पुण्याची मंडळी येऊन-जाऊन असायची. मिसिसिपीच्या अलीकडे मोलीन, रॉक आयलंड. पलीकडे आयोवातलं डेव्हनपोर्ट, बेटेनडॉर्फ. ही सगळी गावं म्हणजे क्वाड सिटी, वस्ती मिळून चार लाखांच्या आतबाहेर. इथे एनएफएल, म्हणजे अमेरिकन फुटबॉलची सगळ्यात मोठी लीग, येणार कुठून? हिवाळ्यात मोलीनच्या 'द मार्क' या बंदिस्त स्टेडियममध्ये आइस हॉकी असायची आणि वसंत आला की त्याच जागेवर फुटबॉलचं कृत्रिम गवत पसरायचे.

मेहुणा शिकागोकडचा, बेअर्स या तिथल्या एनएफएल संघाचा भक्त. त्याला एकदा सामन्याला नेलं. आत शिरताच हसायला लागला, "दाजी, कबड्डीच्या कोर्टावर फुटबॉल?" मैदान लहान आहेच. लांबी 50 यार्ड, नेहमीच्या निम्मी. रुंदी 85 फूट. एका बाजूला आठच खेळाडू. पंट, म्हणजे चेंडू लाथेने लांब उडवून सुटका करून घ्यायची सोय नाही. गोलखांबांच्या दोन्ही बाजूंना ताणलेली जाळी, आणि तिच्यावर आपटून परत आलेला चेंडू चालू खेळातच. कडेच्या कठड्याला गाद्या बांधलेल्या, आणि खेळाडू पळता पळता त्यांवर आदळतात. जिम फॉस्टरने 1981 मध्ये मॅडिसन स्क्वेअर गार्डनला इनडोअर सॉकर बघता बघता हे मैदान एका पाकिटावर रेखाटलं. तोच फॉस्टर पुढे स्टीमव्हीलर्सचा मालक झाला.

हे मी त्याला समजावतोय तेवढ्यात चेंडू आमच्या रांगेत. या खेळात प्रेक्षकांत गेलेला चेंडू ज्याच्या हाती लागेल त्याचा. शेजारच्या पोराला बाजूला सारून झडप कुणी घातली? मेहुण्याने! परतीच्या वाटेवर चेंडू मांडीवर, आणि तोंडाने प्रवचन: "हे सगळे एनएफएलने नाकारलेले हो."

नाकारलेले? कर्ट वॉर्नर आयोवातच एका किराणा दुकानात फळ्यांवर माल लावायचा. मग फॉस्टरच्याच आयोवा बार्नस्टॉर्मर्सकडून हाच इनडोअर खेळ खेळला, आणि जानेवारी 2000 मध्ये एनएफएलचा अंतिम सामना, सुपर बोल, जिंकून सामनावीर ठरला. त्याच वर्षी स्टीमव्हीलर्स सुरू झाले आणि पहिल्या हंगामात 19 पैकी 19 सामने जिंकले. करंडक 2000 चा त्यांचा, 2001 चाही त्यांचाच.

आता बंद का पडतात? खेळाडूंच्या पगारामुळे नाही. सामन्यामागे साधारण 200 डॉलर, एवढ्यावर कोण बुडतं? बुडवते ती लीग. स्टीमव्हीलर्सची लीग म्हणजे एएफ-टू, इनडोअर फुटबॉलच्या मोठ्या अरीना लीगची धाकटी. नव्या संघाची फी आली की वरच्यांचं बरं चालतं, म्हणून 15 संघांचे दोन वर्षांत 34 केले. मग कुठल्या कुठे प्रवास, विमा, भाडं. वर धाकट्या लीगची निम्म्याहून जरा जास्त मालकी मोठीकडे. मोठीने 2009 चा हंगाम रद्द केला, पुढे दिवाळखोरीत गेली, आणि त्या वर्षी व्यवस्थित खेळलेली धाकटीही सप्टेंबरात गुंडाळली गेली.

मेहुण्याने लगेच फोन केला, "बघा, मी म्हणत होतो." काय म्हणत होता? 2009 चा एएफ-टूचा विजेता स्पोकेन शॉक 2010 मध्ये नव्याने उभ्या राहिलेल्या मोठ्या लीगमध्ये गेला आणि पहिल्याच वर्षी तिचा अंतिम सामना, अरीनाबोल, जिंकला. दर्जा कमी म्हणे!

तुम्हाला संघ काढायचा असेल तर आधी लीगचा करार वाचा. लीग संघमालकांची आहे की वर कुणी बसलंय, आणि लीग बुडाली तर संघाचं नाव कुणाकडे राहतं, ते बघा. एनएफएलच्या नादी लागलेल्या नातेवाइकांचा सल्ला घेऊ नका. हां, शेवटच्या वर्षांत खुर्च्या रिकाम्या दिसायच्या हे खरं आहे, सगळा दोष लीगचा नाही.

2018 मध्ये स्टीमव्हीलर्स याच नावाचा संघ त्याच इमारतीत, दुसऱ्या लीगमधून, पुन्हा उभा राहिला. मेहुणा म्हणतो, तो वेगळा संघ. कायद्याने वेगळा असेलही. त्याने चेंडू मात्र अजून परत दिलेला नाही.