गाठ वाढली म्हणून एकेटी (टीबीच्या गोळ्या) बंद करू नका

दादा, तुमचं सगळं नीट वाचलं. वहिनींच्या मानेच्या गाठीत टीबी निघाला, अडीच महिने गोळ्या झाल्या, ताप गेला, वजन ४५ वरून ५० वर आलं, आणि आता गाठ आधीपेक्षा मोठी झालीय, शेजारी दुसरी उठलीय, घरचे म्हणतायत औषध लागू पडत नाही बंद करा आणि ओळखीतल्या कोणीतरी चीर देऊन साफ करून घ्या म्हणून सांगितलंय. यातल्या दोन्ही गोष्टी करू नका, आधी एवढं.

मी डॉक्टर नाही, टीबी युनिटवर एसटीएस (पेशंटच्या उपचारांवर देखरेख करणारा सुपरवायझर) म्हणून बरीच वर्षं काढलीयेत आणि गाठीच्या पेशंटमध्ये हा प्रश्न इतक्या वेळा येतो की खरं तर औषध सुरू करतानाच सांगायला हवा, पण ओपीडीच्या गर्दीत कोण सांगत बसतंय.

होतं काय, की टीबीची गाठ म्हणजे नुसते जंतू नसतात. गाठीत जंतू तसे थोडेच असतात, बाकी सगळा आपल्याच पेशींचा घोळका, जंतूंना घेरून बसलेला, आणि मधोमध मेलेला भाग, पनीरसारखा भुसभुशीत पांढरा. औषधानं जंतू मरतात पण त्यांचे तुकडे तिथेच पडून राहतात, आणि इकडे जेवण सुधारलं, ताप गेला, त्यामुळे दबलेली प्रतिकारशक्ती परत जोरात येते आणि त्या मेलेल्या तुकड्यांवरच तुटून पडते. मग गाठ सुजते, मऊ होते, आत पू होतो, कधी नवीन गाठ उठते. म्हणजे जंतू हरतायत आणि गाठ वाढतेय, दोन्ही एकाच वेळी. डॉक्टर याला पॅराडॉक्सिकल रिअ‍ॅक्शन म्हणतात. गाठीच्या टीबीत हे कॉमन आहे, आणि कधी कधी तर कोर्स संपल्यावरही होतं.

म्हणून गाठीच्या साइजवरून औषधाचा हिशोब करायचा नाही. वजन, भूक, ताप बघा. तुमच्या केसमध्ये तिन्ही चांगल्या बाजूला आहेत. हां, पण म्हणून दुर्लक्षही नको, कारण रेझिस्टंट टीबीतही (ज्यावर नेहमीची औषधं चालत नाहीत) गाठ वाढते आणि नुसतं हात लावून दोन्हींतला फरक कळत नाही. डोस चुकलेत का ते स्वतःशी खरं सांगा, सुरुवातीला सीबीनॅट (मशीनवर जंतूंचा डीएनए शोधणारी टेस्ट) झालं होतं का आणि त्यात रिफाम्पिसिन या टीबीच्या मुख्य औषधाला जंतू दाद देतात का, काय आलं होतं तो कागद शोधा, आणि डॉक्टरांना विचारून गाठीतला पू सुईनं काढून कल्चरला (लॅबमध्ये जंतू वाढवून बघतात ती टेस्ट) पाठवा. आता पुन्हा सीबीनॅट केलं आणि पॉझिटिव्ह आलं तर लगेच घाबरू नका, ती मशीन मेलेल्या जंतूंचा डीएनए पण पकडते. जंतू जिवंत आहेत का ते कल्चरच सांगतं, त्याला सहा आठवडेही लागतात. आणि गाठीचा तुकडा काढलाच तर कल्चरचा भाग साध्या सलाइनमध्ये द्यायचा, फॉर्मालिनमध्ये (तुकडा टिकवायचं रसायन) नाही. फॉर्मालिनमध्ये टाकला की जंतू मेले आणि टेस्ट वाया. हे प्रायव्हेटमध्ये नेहमी चुकतं, सगळा तुकडा एकाच डबीत जातो.

चिरेबद्दल. हे साधं गळू नाही, लाल होत नाही, फारसं गरम लागत नाही, आणि चीर दिली की ती जखम महिनोन्महिने वाहत राहू शकते, मग मानेवर ओढलेला व्रण कायमचा. पू जास्त झाला तर बाजूच्या चांगल्या कातडीतून तिरकी सुई घालून काढतात, लागलं तर परत परत. सूज खूपच असेल, श्वासनलिकेवर वगैरे दाब येत असेल तर डॉक्टर थोडे दिवस स्टिरॉइड देतात. ते त्यांनाच ठरवू द्या, मेडिकलवाल्याकडून आणू नका.

अजून एक, वजन ५ किलो वाढून ५० झालंय ना, मग डोस बघून घ्या. ३५ ते ४९ किलोला ३ गोळ्या असतात, ५० ते ६४ ला ४.

कोर्स साधारण ६ महिन्यांचा. शेवटी छोटी कडक गाठ उरू शकते, तिला हात लावून लावून चेक करत बसू नका (सगळे करतात!). शरीर बरं होताना तिथे तंतू भरतं, कधी चुना साठतो, ती जागा पहिल्यासारखी होईलच असं नाही. फुप्फुसाच्या टीबीचे डाग एक्सरेत वर्षानुवर्षं दिसतात ते असेच, जंतू गेलेले असतात.

आणि औषधांचा स्वतःचा त्रास वेगळा. लघवी केशरी होते ती रिफाम्पिसिनमुळे, सोडून द्या. हातापायाला मुंग्या आल्या तर आयसोनियाझिडमुळे असू शकतात, बी६ ची गोळी चालू आहे का विचारा. पण डोळे पिवळे झाले, सारख्या उलट्या, जेवणच नको वाटतंय, तर ते लिव्हर, त्या दिवशीच्या गोळ्या न घेता लगेच दवाखाना. नजर धूसर झाली किंवा लाल-हिरवा ओळखू येईना तर तो इथॅम्ब्युटॉल, तेव्हाही त्याच दिवशी दाखवायचं. आणि वहिनी गर्भनिरोधक गोळ्या घेत असतील तर रिफाम्पिसिनसोबत त्यांचा भरवसा नाही, दुसरा उपाय विचारा, हे बऱ्याचदा कोणी सांगतच नाही. कल्चरचा रिपोर्ट आला की कळवा.