ओळखीचा चेहरा घेऊन थेरपीच्या खोलीत

प्रिय,

तुझं पत्र वाचलं. मालिका सोडून थेरपिस्टचं शिक्षण घ्यावं की मालिका करता करता, असं विचारलंयस. सोडू नकोस, निदान सुरुवातीची काही वर्षं तरी नको. शिक्षणाला पैसा लागतो आणि शिकाऊ काळातलं काम बऱ्याच ठिकाणी बिनपगारी किंवा नाममात्र मानधनावर करावं लागतं. शिवाय ज्या थेरपिस्टला महिनाअखेरची चिंता असते तो क्लायंटला गरजेपेक्षा जास्त दिवस धरून ठेवतो, हे मी पाहिलेलं आहे. मालिकेचे पैसे येत राहिले तर ‘आता तुम्हाला माझ्याकडे यायची गरज नाही’ हे वाक्य तुला वेळेवर उच्चारता येईल.

पण पुढे तू लिहिलंयस, ‘अभिनयामुळे माझी अर्धी तयारी झालेलीच आहे.’ इथे मात्र मी तुझ्याशी भांडणार आहे.

आधी तुझ्या बाजूचं बोलते. नाटक आणि मानसोपचार यांची सोयरीक जुनी आहे. याकोब मोरेनो हा डॉक्टर १९२० च्या दशकाच्या सुरुवातीला व्हिएन्नात उत्स्फूर्त नाटकं बसवायचा. त्याच्या मंडळींत एक नटी होती, तिला तो बार्बरा म्हणतो. मंचावर गोड, सोज्वळ भूमिका करणारी ही बाई घरी नवऱ्यावर तुटून पडायची. नवऱ्यानं गाऱ्हाणं केलं तेव्हा मोरेनोनं तिला भांडकुदळ, शिवराळ बायकांच्या भूमिका द्यायला सुरुवात केली. त्याच्या सांगण्यानुसार घरातली धुसफूस हळूहळू कमी झाली आणि मग त्यानं नवऱ्यालाही मंचावर आणलं. सायकोड्रामाच्या, म्हणजे प्रसंग करून दाखवून उपचार करण्याच्या पद्धतीच्या, जन्मकथेत हा प्रसंग हमखास सांगतात. तू तो ऐकलाही असशील. पण त्यातली नटी उपचार घेणारी आहे, देणारी नाही, याकडे तुझं लक्ष गेलं का?

देणारीही झाली आहे म्हणा. पामेला स्टीफन्सन १९७९ ते १९८२ या काळात ब्रिटिश टीव्हीवर विनोदी नटी म्हणून गाजली, नंतर क्लिनिकल सायकॉलॉजीत डॉक्टरेट घेऊन तिनं कॅलिफोर्नियात प्रॅक्टिस केली आणि २०१० मध्ये एका नृत्यस्पर्धेसाठी पुन्हा पडद्यावर आली, अंतिम फेरीपर्यंत गेली. डॉ. मोहन आगाशे तर मानसोपचारतज्ज्ञ आणि नट या दोन्ही भूमिका कित्येक दशकं निभावत आलेले आहेत. तेव्हा हे जमतं, यात वाद नाही.

वाद आहे तो अर्ध्या तयारीबद्दल. सेटवर तुझी ऐकायची एक रीत तयार झालेली आहे. समोरच्याचं वाक्य चालू असताना आपला रिॲक्शन शॉट लागणार हे तुला ठाऊक असतं, म्हणून ऐकताना चेहरा सतत काहीतरी देत राहतो. खोलीत क्लायंट रडायला लागली की तुझेही डोळे भरून येतील. ते खोटं असेल असं मी म्हणत नाही; ग्लिसरीन न लागणारी नटी म्हणून तुझं नाव आहेच. पण पुढे काय होतं बघ. ती बाई स्वतःचं रडू आवरते, टिश्यूचा डबा तुझ्याकडे सरकवते आणि विचारते, ‘तुम्हाला त्रास झाला का?’ मग तासाचा उरलेला वेळ ती तुला सांभाळते. घरी जन्मभर तिनं हेच केलेलं असतं. त्याला कंटाळूनच ती तुझ्याकडे आलेली असते.

कार्ल रॉजर्स या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं १९५७ मध्ये एक निबंध लिहिला, माणूस बदलायला थेरपीत काय असावं लागतं यावर. त्यात थेरपिस्टकडून त्याची अपेक्षा मुख्यतः तीन गोष्टींची: समोरच्याचं जग त्याच्या बाजूनं समजणं, त्याला अटी न घालता स्वीकारणं आणि आपण आतून-बाहेरून एकच असणं. पहिल्या दोन तुला सोप्या वाटतील. तिसरी जड जाईल. आर्ली हॉकशील्ड या समाजशास्त्रज्ञ बाईंनी १९८३ मध्ये विमानसेविकांच्या कामाचा अभ्यास मांडला, तेव्हा त्यांनी स्टानिस्लाव्स्की या रशियन नाट्यदिग्दर्शकाकडून उसनं घेऊन वरवरचा अभिनय आणि खोल अभिनय असा भेद केला. खोल अभिनयात माणूस भावना दाखवून थांबत नाही, ती स्वतःत खरोखर उत्पन्न करतो. नोकरी म्हणून हे रोज करत राहिलं की आपल्याला स्वतःला काय वाटतंय त्याचाच माग लागेनासा होतो, ही त्यांची चिंता होती. तुझ्या बाबतीत ती दुप्पट आहे. थेरपिस्टला स्वतःच्या मनात उमटणारं काहीही वाया घालवता येत नाही. एखाद्या क्लायंटचा कंटाळा येतो, एखादीचा राग येतो, एखाद्याला खूश करावंसं वाटतं. ही सगळी त्या माणसाविषयीची माहितीच असते. तू सवयीनं कंटाळ्याच्या जागी आस्था आणलीस, तर चेहरा सुंदर दिसेल आणि माहिती हरवेल.

अभिनयातून काय उपयोगी पडेल तेही सांगते. श्वास कुठे अडकला ते तुला दिसतं. आवाज खाली आणता येतो. आणि तुला रिटेकची लाज वाटत नाही, हे तर फारच मोठं. माझ्याकडे सुपरव्हिजनला, म्हणजे आपलं काम अनुभवी थेरपिस्टकडून तपासून घ्यायला, येणारी हुशार मुलं स्वतःच्या सत्राचं रेकॉर्डिंग ऐकताना खुर्चीत आक्रसून जातात. तू मॉनिटरसमोर उभी राहून स्वतःच्या चुका शांतपणे बघितलेल्या आहेस.

आता खऱ्या अडचणीकडे येते. ती तुझ्या पत्रात कुठेच नाही: तुझा चेहरा.

तू खोलीत शिरण्याआधी तो तिथे जाऊन बसलेला असेल. हॉर्टन आणि वोल या दोघा अभ्यासकांनी १९५६ मध्येच, टीव्ही नवा असताना, लिहून ठेवलंय की प्रेक्षकाला पडद्यावरच्या माणसाशी एकतर्फी जवळीक वाटू लागते, दुरून जुळलेली सलगी म्हण. तो निबंध ‘सायकियाट्री’ नावाच्या नियतकालिकात छापून आला होता, याची मला गंमत वाटते. रोजच्या मालिकेत ही सलगी फारच घट्ट होते. ठरलेल्या वेळेला, आठवड्यातले पाच-सहा दिवस तू त्यांच्या घरात असतेस. म्हणजे पहिल्याच सत्राला जी बाई तुझ्यासमोर बसेल, तिच्या लेखी तुमची ओळख काही वर्षांची असेल आणि तुझ्या लेखी काही मिनिटांची.

ती तुला मालिकेतल्या नावानं हाक मारेल. हसून ‘अहो, ती मी नव्हे’ म्हणू नकोस. ती ओशाळेल आणि विषय तिथेच मिटेल. तिला विचार, ‘तिच्याकडे यावंसं का वाटलं?’ उत्तरात अर्धी केस असते. ‘ती सासूला तोंडावर बोलते, मला जमत नाही,’ असं कुणी म्हणालं तर तू तिला आधार द्यायच्या आधी तुझ्या पात्रानं तिला काय दिलं आहे, ते तुला कळलं. तू खलनायिका केली असशील तर उलटं होईल. क्लायंट येईल, पण महत्त्वाचं सांगताना चाचरेल, कारण तुझा तो वरच्या पट्टीतला आवाज तिच्या कानात आहे. हे तू विचारल्याशिवाय कुणी सांगणार नाही. म्हणून नाव नोंदवतानाच्या फॉर्ममध्ये एक साधा प्रश्न घाल: ‘तुम्ही माझं पडद्यावरचं काम पाहिलंय का? त्याविषयी काय वाटतं?’ ज्यांना फक्त तुला जवळून पाहायचंय ते बहुधा तिथेच ओळखू येतात. त्यांना दुसऱ्या थेरपिस्टकडे पाठव, आणि फोटोला नाही म्हणायची सवय कर.

माझ्याकडे सुपरव्हिजनला येणाऱ्या एका नटीचं सांगते, तपशील बदलून आणि तिला विचारून. मालिकेत तिच्या पात्राला मारहाण झाल्याचा ट्रॅक चालू होता. पॅकअप उशिरा झालं, ती थेट क्लिनिकला गेली. मेकअप पुसला होता, पण गालफडाखाली जांभळट डाग राहून गेला. समोरच्या क्लायंटला घरी खरोखर मार बसायचा. ती सगळं सत्रभर स्वयंपाक, पाहुणे, मुलांची शाळा असं बोलत राहिली आणि पुढचे दोन आठवडे आलीच नाही. नंतर आली तेव्हा म्हणाली, ‘तुमचंच असं चाललंय, तर तुम्हाला काय सांगायचं?’ तिनं ती मालिका कधी पाहिलेलीच नव्हती! म्हणजे प्रसिद्धीचा इथे काही संबंध नव्हता, निव्वळ रंगाचा होता. सेटवरची कंटिन्युइटी, म्हणजे एका शॉटमधलं दिसणं पुढच्यात जपणं, क्लिनिकमध्ये येऊ द्यायची नाही, एवढं त्यातून घे. दोन कामांच्या मध्ये आंघोळ आणि मोकळा तास हवाच.

यावरून वेळेचं. ती बाब मी सगळ्यात वर ठेवते. मालिकेचा कॉलटाइम, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ, आदल्या रात्री येतो. आधी शूट करून ठेवलेल्या भागांची बँक संपली, कथेचा ट्रॅक बदलला, महाएपिसोड लागला की सगळं कोलमडतं. थेरपीची ताकद बऱ्याच अंशी तिच्या कंटाळवाण्या नेमकेपणात असते: तोच वार, तीच वेळ, साधारण पन्नास मिनिटं. लहानपणी ज्याला कुणी सांगितलेल्या वेळेला कधी न्यायला आलं नाही, त्या माणसाला तू ‘शूट लांबलं’ म्हणून तिसऱ्यांदा मेसेज केलास तर तू त्याला इजा करते आहेस. तुझा हेतू कितीही चांगला असो. म्हणून क्लायंट मोजके घे. मुख्य भूमिका चालू असेल तर नवे घेऊच नकोस, कारण लीपनंतर, म्हणजे कथा काही वर्षं पुढे नेल्यावर, तुझं काय होणार हे लेखकालाही माहीत नसतं. मेकअप रूममधून ऑनलाइन सत्रं घेणाऱ्या मुली मी पाहते. दार वाजतं, कुणीतरी ‘शॉट रेडी’ ओरडतं, आणि पलीकडच्या माणसाला समजतं की त्याची गोष्ट आणखी कुणाच्या तरी कानावर जाते आहे.

सेटवरच्या कुणाला क्लायंट म्हणून घ्यायचं नाही. स्पॉटदादा, हेअरड्रेसर, सहकलाकार, कुणीही. ते विचारतील, कारण तू मोफत आणि जवळ आहेस. चांगल्या माणसांचे नंबर जवळ ठेव आणि दे.

तुझं नाव पदवीसकट छापून आलं की वाहिन्यांचे फोन येऊ लागतील. कुणा कलाकाराचा घटस्फोट झाला, कुणी सेटवर आरडाओरडा केला, कुणी जीव दिला. ‘थेरपिस्ट आणि अभिनेत्री म्हणून तुम्हाला काय वाटतं?’ इथे एक जुना किस्सा लक्षात असू दे. १९६४ मध्ये एका अमेरिकन मासिकानं मानसोपचारतज्ज्ञांकडून मतं मागवली आणि राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार बॅरी गोल्डवॉटर मानसिकदृष्ट्या त्या पदाला लायक नाहीत, अशी १,१८९ जणांची मतं मिरवली. त्यांतल्या कुणी त्यांना तपासलं नव्हतं. गोल्डवॉटर निवडणूक हरले, पण बदनामीचा खटला जिंकले. त्यानंतर १९७३ मध्ये अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेनं नियमच केला: ज्याला तपासलं नाही आणि ज्याची परवानगी नाही, त्याच्याविषयी व्यावसायिक मत जाहीरपणे द्यायचं नाही. तुझ्या देशात, तुझ्या पदवीला तो लागू असो वा नसो, तू तो पाळ. आत्महत्येविषयी बोलावंच लागलं तर पद्धत आणि कारण यांवर अक्षरही नको. मदत कुठे मिळते तेवढं सांग.

रील्सचंही तेच. ‘माझ्या एका क्लायंटनं आज मला सांगितलं’ अशी सुरुवात असलेली रील टाकलीस की तुझे उरलेले सगळे क्लायंट ती पाहताना, पुढची आपली असेल का, एवढाच विचार करतात. अभिप्राय मागवून पोस्ट करणं तर नकोच. अमेरिकन सायकॉलॉजिकल असोसिएशनच्या आचारसंहितेत चालू क्लायंटकडून असे अभिप्राय मागण्याला स्पष्ट मनाई आहे.

शिक्षणाबद्दल थोडक्यात. शनिवार-रविवारच्या प्रमाणपत्रावर ‘थेरपिस्ट’ म्हणवून घेता येतं अशा जागा जगात पुष्कळ आहेत आणि तुझ्यासारख्या ओळखीच्या नावाला त्या पायघड्या घालतील. ब्रिटनमध्ये ‘ड्रामाथेरपिस्ट’ (नाटकातून उपचार करणारा) हे पदनाम कायद्यानं राखीव आहे, ‘काउन्सेलर’ नाही. कॅलिफोर्नियात विवाह आणि कुटुंब थेरपिस्टचा परवाना मिळायला देखरेखीखालचे ३,००० तास लागतात. भारतात क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हणून काम करायला १९९२ च्या पुनर्वसन परिषद कायद्याखाली नोंदणी लागते. जिथे काम करणार तिथला नियम आधी शोध, आणि जिथे नियम सैल असेल तिथे जास्त कडक अभ्यासक्रम निवड. लोक तुझ्यावर आधीच विश्वास ठेवून बसलेले आहेत. इतरांना तो मिळवता मिळवता शिकायला वेळ मिळतो, तुला तो मिळणार नाही. सुपरव्हायझर मात्र तुझी मालिका न पाहणारा शोध. आणि स्वतःची थेरपी सुरू कर, अर्ज भरायच्या आधीच.

नव्या मालिकेचं बोलणं चाललंय असं शेवटी लिहिलंयस. सही करण्याआधी कराराचा मसुदा मला पाठव. आठवड्यातली एक ठरावीक दुपार, कॉलटाइम काहीही असला तरी मोकळी, असं कलम त्यात घालून घ्यायचं आहे. निर्माते आधी नाही म्हणतील. तुझ्या तारखा त्यांना किती हव्या आहेत त्यावर ते ठरेल. आणि त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं नाही तर ही मालिका संपेपर्यंत फक्त अभ्यासक्रम कर, क्लायंट नंतर.

तुझी,
ताई