वहीत यंत्र नाही, माणसं आहेत

पत्र: "मुलगी बारावी सायन्सला आहे, अभ्यासात बरी. वर्षभर ती एका वहीत काल्पनिक संस्थेबद्दल लिहितेय. काळात मागे-पुढे जाऊन आलेल्या लोकांच्या मनाचा अभ्यास ही संस्था करते म्हणे. आता म्हणते, मला असलंच काम करायचंय. मी इंजिनिअरिंगचं बघतोय, सीईटीचा फॉर्म भरलाय. तिचा मामा म्हणतो, टाइम ट्रॅव्हल म्हणजे फिजिक्स, बी.एस्सी.ला घाला. वहीतली काही पानं पाठवतोय. हे खूळ कसं काढावं?"
– एक पालक, गणपती पेठ, सांगली

नमस्कार.

पानं वाचली. खूळ काढायची घाई करू नका.

आधी मामांचं म्हणणं घेऊ. काळाचा प्रश्न फिजिक्समध्ये आहेच. वेगात असलेलं घड्याळ हळू चालतं हे आइन्स्टाइनने 1905 साली मांडलं आणि पुढे प्रयोगांत ते खरं ठरलं. भूतकाळात जायची वाट मात्र कुणालाच सापडलेली नाही. पण तुमच्या घरातला प्रश्न तो नाहीच. मी वहीत यंत्र शोधत होतो. 'दार उघडलं आणि ती 1930 सालच्या सांगलीत उतरली' एवढ्या एका वाक्यात मुलीने ते उरकलंय. ना आकृती, ना गणित. बाकी सगळी पानं त्या बाईच्या परतण्यावर आहेत. परत आल्यावर तीन दिवस तिला तारीख सांगायची नाही, तिनेच अंदाज करायचा. स्वतःचं घर तिला ओळखीचं वाटतं का, ते रोज विचारायचं. तिकडे भेटलेली माणसं इकडे कधीच वारलेली आहेत, मग त्यांचं सुतक तिने धरायचं का, यावर तर संस्थेतले दोघं कडाकडा भांडतात. (हे पान मला फार आवडलं.) फिजिक्सची ओढ असलेली मुलगी त्या दारावर दहा पानं लिहिते. तुमची मुलगी दारातून आत आलेल्या बाईवर लिहितेय. म्हणून माझं मत सरळ आहे: तिचा विषय मानसशास्त्र.

अशी संस्था कुठेही नाही, हे तिलाही ठाऊक असणार. पण तिचे प्रश्न लोकांनी खरोखर विचारलेत.

तारखेचंच बघा. 1962 मध्ये मिशेल सिफ्र हा 23 वर्षांचा फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञ घड्याळ न घेता आल्प्समधल्या बर्फाळ गुहेत एकटा दोन महिने राहिला. वरच्या लोकांशी तो फोनवर बोलायचा, पण त्यांनी त्याला वेळ सांगायची नाही असं ठरलेलं. 14 सप्टेंबरला मुदत संपली तेव्हा त्याच्या हिशेबाने अजून 20 ऑगस्टच चालू होता. सेकंदाला एक या गतीने 120 पर्यंत मोजायला सांगितलं, तर त्याला पाच मिनिटं लागली. तुमच्या मुलीचा 'तीन दिवसांचा नियम' म्हणजे जवळपास हाच प्रयोग, आणि तिने तो आपल्या डोक्याने काढलाय.

परतण्याचंही तसंच. सर्गेई क्रिकालेव्ह मे 1991 मध्ये मीर अंतराळस्थानकावर गेला तो सोव्हिएत संघाचा नागरिक म्हणून. मार्च 1992 मध्ये, 311 दिवसांनी, खाली उतरला तेव्हा तो देशच उरला नव्हता आणि त्याच्या जन्मगावाचं, लेनिनग्राडचं, नावही बदललं होतं. वेगामुळे त्याचं वय आपल्यापेक्षा सेकंदाचा बारीकसा अंश कमी भरलं, तेवढं मामांच्या वाट्याचं. बाकीचं सगळं मुलीच्या वहीतलं.

आणखी एक नाव तिला द्या: एंडेल टुल्व्हिंग. स्वतःच्या आयुष्यातल्या प्रसंगांची आठवण ही इतर माहितीच्या आठवणीहून वेगळी असते, असं या मानसशास्त्रज्ञाने 1972 मध्ये मांडलं. त्यांनी अभ्यासलेला के. सी. नावाने ओळखला जाणारा रुग्ण 1981 च्या मोटरसायकल अपघातानंतर शिकलेल्या गोष्टी सांगू शकायचा, पण आयुष्यातला एकही प्रसंग त्याला आठवेना. उद्या काय करशील म्हटलं, तर तिथेही कोरं. मागे जायचा रस्ता बंद झाला तसा पुढे जायचाही.

शिक्षणाचं थोडक्यात. बारावी सायन्सनंतर मानसशास्त्रात बी.ए. किंवा बी.एस्सी. करता येतं, मग एम.ए. तिला स्मृती आणि कालबोध यातच रस राहिला, तर पदव्युत्तरला कॉग्निटिव्ह सायन्स, म्हणजे मन आणि मेंदू कसं काम करतात याचा अभ्यास, बघा. अलाहाबाद विद्यापीठात आणि आयआयटी गांधीनगरला तो विषय आहे. संख्याशास्त्र सुटणार नाही, त्यामुळे गणिताला आताच रामराम नको. रुग्णांवर उपचार करणारा क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट व्हायचं तर भारतीय पुनर्वास परिषदेची मान्यता असलेला अभ्यासक्रम लागतो. सहा महिन्यांच्या 'कौन्सेलिंग डिप्लोमा'च्या जाहिरातींना कृपया भुलू नका. पैसा इंजिनिअरपेक्षा उशिरा दिसतो, हे मुलीलाही आत्ताच सांगून ठेवा. आणि अंतराळवीरांच्या मनाचा विचार आपल्याकडेही होतो. गगनयानच्या अंतराळवीरांची निवड-तपासणी बंगळुरूच्या हवाई दलाच्या एरोस्पेस मेडिसिन संस्थेत झाली. तिच्या कल्पनेतल्या संस्थेच्या सगळ्यात जवळ जाणारं भारतातलं ठिकाण माझ्या मते ते.

पण आवड खरी की वहीपुरती, हे बघायला बंगळुरूला जायला नको. ऑगस्ट 2019 मध्ये आयर्विन पुलापाशी कृष्णा 57 फुटांपर्यंत चढली होती. धोक्याची पातळी 45 फूट. तुमच्या पेठेत काय झालं ते मी तुम्हाला सांगायला नको. परीक्षा झाली की मुलीला वीसेक ओळखीच्या माणसांना दोन प्रश्न विचारू द्या: पाणी तुमच्याकडे किती दिवस होतं? आणि ते किती वर्षांपूर्वीचं वाटतं? दुकानदार, हमाल, घरातल्या बायका, तेव्हा लहान असलेली मुलं, सगळे हवेत. उत्तरं वहीत तक्ता करून लिहायची, मग वाचनालयात जाऊन त्या दिवसांच्या वर्तमानपत्रांशी ताडून बघायची. कुणी 2005 चा पूर 2019 च्या पुरात मिसळेल. ती चूक खोडायची नाही, तशीच नोंदवायची. खरा ऐवज तिथेच आहे. ज्याचं नुकसान मोठं त्याला दिवस जास्त वाटतात की कमी? आधीच ठरवून टाकायचं नाही. आणि सांगता सांगता कुणी गप्प झालं, तर प्रश्न तिथेच थांबवायचे. हा या क्षेत्रातला पहिला शिष्टाचार.

पाच-सहा जणांतच ती कंटाळली, तर वही छंद म्हणून राहू द्या आणि इंजिनिअरिंगचं बोला. पण तिसरा प्रश्न तिने आपणहून जोडला, तर तिला अडवू नका.

सीईटी देऊ द्या, फॉर्म भरलाच आहे. सोबत केंद्रीय विद्यापीठांसाठी सीयूईटीचा फॉर्मही भरा. त्याची मुदत आधी बघून ठेवा, ऐन बोर्डाच्या गडबडीत ती हातची जाते.