पियानो काढ, फ्रीज ऐक

प्रिय मित्रा,

तुझ्या लघुपटाचा बारा मिनिटांचा कट पाहिला. साताऱ्याची मुलगी, नालासोपाऱ्यातली वन आरके, रात्री आईचा फोन. एवढं पुरेसं आहे. तरी ‘एकटेपणा पोचत नाही’ म्हणून तू पियानो घातलास आणि आता ड्रोन शॉट शोधतोयस. एकटेपणा आकाशातून दिसत नसतो रे, खोलीत ऐकू येतो. आधी आवाज.

आईचा आवाज स्टुडिओतल्यासारखा स्वच्छ आहे, तिथेच घात झालाय. तिच्या मागे घर हवं. कुकरची शिट्टी, टीव्हीवरची मालिका, ‘कुणाचा फोन गं?’ असं विचारणारं कुणीतरी. हे सगळं एकत्रच रेकॉर्ड कर, मग ३०० हर्ट्झच्या खालचं आणि ३४०० च्या वरचं कापून टाक, म्हणजे फोनमधून आल्यासारखं वाटेल. फोन ठेवला की ते घर एका फ्रेममध्ये तुटू दे. फेड नको, हळूहळू विरणं नको. मागे उरेल फक्त फ्रीजची घरघर. तुझी हुरहूर तीच.

पण संवाद घेताना फ्रीज आणि पंखा बंदच हवेत. घरघर संवादात मिसळली की दर कटला उडी मारते. (स्वतःच्या घराची किल्ली त्या फ्रीजमध्येच ठेव, म्हणजे निघताना तो सुरू करायचं विसरणार नाहीस.) ती घरघर नंतर जवळून, वेगळी घे. शेवटी सगळ्यांना गप्प उभं करून रिकाम्या खोलीचा मिनिटभर आवाज घे. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, संवादातले सर्वांत मोठे आवाज उणे १२ डेसिबलच्या आसपास. ऑटो गेन, म्हणजे आवाजाची पातळी आपोआप बदलणारी सोय, बंद! शांतता आली की तो लेव्हल चढवतो आणि तुझ्या मौनात फसफस भरते.

चित्राचं थोडक्यात. भिंतीवर ट्यूबलाइटचे पट्टे सरकतायत, कारण तू सेकंदाला ३० फ्रेम्स आणि १/६० सेकंद शटर ठेवलंस. आपली वीज ५० हर्ट्झची. २५ फ्रेम्स, १/५० ठेव. मोबाइलच्या क्लिप एडिटआधी स्थिर फ्रेम रेटमध्ये बदलून घे, नाहीतर लांब शॉटमध्ये ओठ पुढे, आवाज मागे.

बेल्जियन दिग्दर्शिका शांताल आकेरमननं १९७६ मध्ये चित्रित केलेल्या ‘न्यूज फ्रॉम होम’ या चित्रपटात न्यूयॉर्कच्या दृश्यांवर आईची पत्रं वाचलीत, आणि रहदारीत, सबवेच्या धडधडीत त्यातल्या ओळी खुशाल बुडू दिल्यात. तुझ्या खिडकीखालून लोकल जाते. आईचं ‘कधी येतेस?’ तिच्याखाली जाऊ दे, आणि त्या वाक्याला सबटायटल देऊ नकोस. निर्माता ‘कळणार नाही’ म्हणेल. म्हणू दे. मलाही हट्टी म्हणतात, पण ऐकू न आलेल्या वाक्याकडेच प्रेक्षक पुढे झुकतो.

पियानोशिवायचा कट पाठव. पियानोसकट आला तर उघडणारही नाही.