तीच मुद्रा, पण कोणाच्या हाती?

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

मुंबईतल्या अश्लीलतेच्या खटल्यांवरचा तुझा मसुदा दोनदा वाचला. मेहनत दिसते. पण प्रत्येक प्रकरणात तू स्वतःच न्यायाधीशाच्या खुर्चीत बसतोस आणि ‘हे खरंच अश्लील होतं का’ याचा निवाडा देऊन मोकळा होतोस. वाचकाला तुझा निवाडा नको आहे. देवळाच्या भिंतीवर शतकानुशतकं खपलेली शृंगारिक मुद्रा गॅलरीच्या भिंतीवर आली की पोलीस का येतात, हे त्याला समजावून सांग.

खजुराहोची सुरुवात काढून टाक. सगळे तिथूनच निघतात आणि ‘आपले पूर्वज किती मोकळे होते’ या वाक्यावर येऊन बसतात. त्याऐवजी अश्लील वस्तूंची विक्री आणि प्रदर्शन गुन्हा ठरवणारं, भारतीय दंडविधानाचं कलम 292 मुळातून वाच. 1860 च्या कायद्यातच एक अपवाद होता: देवळात किंवा देवळावर कोरलेली, रंगवलेली आकृती, आणि हो, देवाच्या रथावरचीसुद्धा, या कलमात येणार नाही. म्हणजे कायद्याने शिल्प पाहिलंच नाही, जागा पाहिली. तुझ्या लेखाचा धागा इथे आहे.

पुढची गाठ 1868 ची. इंग्लंडमधल्या हिक्लिन खटल्यात सरन्यायाधीश कॉकबर्न यांनी कसोटी घालून दिली: ज्यांची मनं अशा प्रभावाला बळी पडू शकतात आणि ज्यांच्या हाती हा मजकूर पडू शकतो, त्यांना बिघडवण्याकडे त्याचा कल आहे का? बहुतेक लेखक ‘बिघडवणे’ या शब्दावर अडकतात. तू ‘हाती पडणे’ यावर बोट ठेव. मजकूर किती उघडा यापेक्षा तो किती स्वस्त, कोणत्या भाषेत, कोणत्या दुकानात, हे प्रश्न त्या दोन शब्दांत दडले आहेत.

जोडी लावून बघ. 1883 मध्ये कामसूत्राचं इंग्रजी भाषांतर निघालं ते सभासदांपुरतं, खासगी छपाईचं. नाव रिचर्ड बर्टन या इंग्रज प्रवासी-लेखकाचं झालं, पण पोथ्या जमवून पाठ लावण्याचं आणि भाषांतराचं मूळ काम मुंबईच्या भगवानलाल इंद्रजी आणि शिवराम परशुराम भिडे यांचं, आणि सूत्रधार आर्बथनॉट हा मुंबई इलाख्यातला सनदी नोकर. (सात अधिकरणांपैकी, म्हणजे भागांपैकी, संभोगाचं असं एकच, दुसरं. बाकीच्यांत लग्न, गृहिणी, गणिका, औषधं. हेही एका वाक्यात सांगून टाक, कारण अजून लोक त्याला आसनांचा अल्बम समजतात.) त्या पुस्तकाच्या शेजारी र. धों. कर्व्यांचं ‘समाजस्वास्थ्य’ ठेव. 1927 च्या जुलैत सुरू झालेलं मासिक, मराठीत, कोणीही वर्गणी भरून घ्यावं असं. 1934 मध्ये खटला झाला तो वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरून. वकील डॉ. बाबासाहेब आंबेडकर. तरी कर्वे हरले आणि दोनशे रुपये दंड झाला. उत्तेजक म्हणावं असं त्या उत्तरांत काही नव्हतं. साध्या भाषेतली माहिती होती, आणि माझ्या मते तीच खुपली.

आता कामाची पद्धत. प्रत्येक प्रकरणासाठी एक कागद घे आणि त्यावर तीन तारखा वेगवेगळ्या लिही: वस्तू विकली किंवा मांडली ती, निकालाची, आणि निकाल ज्या खंडात छापला त्याची. तुझ्या मसुद्यात उदेशी खटल्याचं (‘लेडी चॅटर्लीज् लव्हर’ ही कादंबरी विकल्याचा खटला) साल एकदा 1964 आणि एकदा 1965 आलंय, ते यामुळेच. पहिलं निकालाचं, दुसरं तो छापलेल्या खंडाचं. प्रत्यक्ष पुस्तक विकलं गेलं 1959 च्या डिसेंबरात, पोलिसांनी पाठवलेल्या बनावट गिऱ्हाइकाला. तारखांखाली आरोपी कोण ते लिही. चित्रकार, लेखक, छापणारा की विकणारा? त्याखाली शिक्षा, आणि मालाचं काय झालं.

असा कागद भरला की प्रकरणं आपोआप बोलू लागतात. ‘लेडी चॅटर्लीज् लव्हर’ची असंक्षिप्त प्रत विकल्याबद्दल मुंबईतल्या पुस्तकाच्या दुकानाचे भागीदार अडकले. दंड प्रत्येकी वीस रुपये. लेखक मुल्कराज आनंद बचावाचे साक्षीदार होते. सर्वोच्च न्यायालयाने हिक्लिनची कसोटी कायम ठेवली आणि वर सांगितलं की विक्रेत्याला आतला मजकूर ठाऊक होता हे सरकार पक्षाने सिद्ध करण्याची गरज नाही. या ओळीवर थांब, कारण कादंबरीपेक्षा पुस्तकविक्रेत्यांच्या धंद्याला ती जास्त लागली. लंडनमध्ये त्याच पुस्तकावर 1960 मध्ये खटला झाला तो साडेतीन शिलिंगांच्या आवृत्तीवरून. तिथल्या सरकारी वकिलाने ज्यूरीला विचारलं होतं, हे पुस्तक तुमच्या बायकोने किंवा नोकरांनी वाचलेलं चालेल का? ज्यूरीने आरोपींना सोडलं. हिक्लिनमधले ‘हात’ कोणाचे, ते या प्रश्नात उघड झालं.

चित्रकार अकबर पदमसींचं प्रकरण तू दोन ओळींत संपवलंस, त्याला पानभर दे. 1954, जहांगीर आर्ट गॅलरी, ‘लव्हर्स’ नावाची दोन चित्रं, पुरुषाचा हात स्त्रीच्या स्तनावर. चित्रं उतरवायला नकार, अटक, मॅजिस्ट्रेटकडून सुटका, सरकारचं अपील, आणि उच्च न्यायालयातही सुटका. कलेसाठीचा अपवाद तेव्हा कलमात नव्हता, तरीही सुटका. तो अपवाद आला 1969 च्या दुरुस्तीने: विज्ञान, साहित्य, कला, विद्या यांच्या हितासाठी असलेलं प्रकाशन गुन्हा नाही. म्हणून खटला 1969 च्या आधीचा की नंतरचा हे न बघता केलेली तुलना फसते. तुझ्या दोन तुलना अशाच फसल्या आहेत.

त्याच 1969 मध्ये चंद्रकांत काकोडकरांच्या ‘श्यामा’चा निकाल लागला. कथा 1962 च्या ‘रंभा’ मासिकाच्या दिवाळी अंकातली. उच्च न्यायालयाने पंचवीस रुपये दंड केला होता आणि अंकाच्या प्रती नष्ट करायला सांगितलं होतं. दंड किरकोळ, पण प्रती नष्ट म्हणजे अख्खा अंक बुडाला. सर्वोच्च न्यायालयाने सोडताना कथेचं साहित्यिक मोल फारसं मानलं नाही. दर्जा बेताचा असेल, पण वाचणाऱ्याला बिघडवण्याची प्रवृत्ती दिसत नाही, असा सूर. हा मुद्दा मला पदमसींपेक्षा महत्त्वाचा वाटतो. थोर कलाकृतीची बाजू घेणं सोपं असतं. सुमार गोष्टीला मोकळीक देणं अवघड.

‘अश्लील’ हा शब्दही जपून वापर. काव्यशास्त्रात तो दोष तीन प्रकारचा: लाज आणणारा, किळस आणणारा आणि अमंगळ. मृत्यूची अशुभ आठवण करून देणारा शब्दही त्यात बसतो. जुन्या टीकेत तो दिसला की लगेच लैंगिक अर्थ लावू नकोस.

1947 पूर्वीच्या मराठी पुस्तकांसाठी, 1867 च्या छापखाना व पुस्तक नोंदणी कायद्याखाली निघणाऱ्या त्रैमासिक याद्या बघ. त्यांत पानं, आकार, छापलेल्या प्रती आणि किंमत असते. ‘कोणाच्या हाती’ हे अंदाजाने लिहिण्यापेक्षा तिथला आकडा दे.

शेवटाला 2024 घे. सूझा आणि पदमसी या चित्रकारांच्या सात कलाकृती अश्लील ठरवून जप्त करण्याचा आदेश कस्टम्सने काढला. आधार 1964 ची एक अधिसूचना. ऑक्टोबरात मुंबई उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. सत्तर वर्षांनी तोच चित्रकार, फक्त गॅलरीच्या जागी कस्टम्स.

छापताना: 1 जुलै 2024 पासूनच्या प्रकरणांना भारतीय न्याय संहितेचं कलम 294 लागतं, आणि संकेतस्थळावर चित्र टाकलंस की माहिती तंत्रज्ञान कायद्याचं 67 वेगळं. प्रत्येक चित्राखाली संग्रहालय, काळ आणि नोंदणी क्रमांक दे, आणि चित्र लेखातल्या चर्चेला लागूनच ठेव.

पुढच्या खेपेला लेख नको, चार प्रकरणांचे चार कागद पाठव. ‘श्यामा’चा मराठी पाठ जुन्या ग्रंथालयात मिळाला, तर निकालातला इंग्रजी सारांश त्याच्याशी ओळीने ओळ ताडून बघ. कोणती वाक्यं सारांशात आली आणि कोणती गळली, त्यांची यादी जोड.

कळावे.