डोरेमॉनचा जपानी आवाज कोणाचा होता? त्यांनी आणखी काय काम केलं?
नोबुयो ओयामा. 1973 च्या पहिल्या मालिकेत वेगळे आवाज होते, पण 1979 पासून 2005 पर्यंत, तब्बल 26 वर्षं, डोरेमॉन म्हणजे ओयामाबाईच. लहानपणी त्यांच्या घोगऱ्या आवाजाची मुलं टिंगल करायची. पुढे त्याच आवाजावर जपानच्या दोन पिढ्या वाढल्या. आपल्याकडे बहुतेकांनी हिंदी डबिंगच ऐकलंय, तेव्हा मूळ आवाज एकदा ऐकाच.

2010 मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर, त्यांनी 'दानगानरोनपा' या गेममधल्या मोनोकुमा नावाच्या क्रूर अस्वलाला आवाज दिला. सूर तोच मायाळू, आणि शाळकरी मुलांना एकमेकांचे खून करायला लावणारं बोलणं! अंगावर काटा येतो. मला त्यांचं हेच काम सगळ्यात धाडसी वाटतं. सप्टेंबर 2024 मध्ये, 90 वर्षांच्या असताना, त्या गेल्या.