गेमचं आवतन कोणत्या दारातून येतं, ते आधी बघा

ताई, तुमचा प्रश्न थोडक्यात असा. फेसबुकवर नणंदेच्या मुलाकडून रोज गेमच्या रिक्वेस्ट येतात. बचत गटाच्या व्हॉट्सॲप ग्रुपात कोणी लुडोचा कोड टाकतं, कोणी रमीची लिंक. फेसबुक काही दिवस काढून टाकलं तरी घंटी वाजतच होती. भाच्याला ब्लॉक करावं तर दिवाळीला घरात विषय निघणार. आणि या सगळ्या गर्दीत उमेदच्या, म्हणजे बचत गटांच्या सरकारी अभियानाच्या, मीटिंगचे निरोप दबून जातात.

फेसबुक काढूनही घंटी थांबली नाही, यातच अर्धं उत्तर आहे. म्हणजे निदान काही आवतनं तरी फेसबुकची नव्हतीच. एक दार बंद केलं, बाकीची उघडी राहिली. म्हणून सेटिंगला हात लावण्याआधी एक दिवस फक्त बघा. नोटिफिकेशन आलं की ते उघडू नका आणि बाजूलाही सारू नका. त्यावर बोट दाबून धरा. ते कोणत्या ॲपचं आहे ते नाव तिथं दिसतं: फेसबुक, क्रोम, व्हॉट्सॲप, एखाद्या गेमचंच नाव, नाहीतर फोन कंपनीचं गेम सेंटर. पाच-सहा नोटिफिकेशनची नावं कागदावर लिहून काढा. मग कुठं किती मेहनत घ्यायची ते आपोआप कळतं.

आधी फेसबुक, कारण भाच्याचं प्रकरण तिथलं आहे. माणसाला ब्लॉक करायची गरजच नाही. फेसबुकमध्ये 'ब्लॉक ॲप इन्व्हाइट्स' नावाची वेगळी सोय आहे. तिथं भाच्याचं नाव टाकलं की त्याच्याकडून येणाऱ्या पुढच्या सगळ्या गेम-रिक्वेस्ट आपोआप दुर्लक्षित होतात. तो मित्रयादीत राहतो, त्याचे फोटो दिसतात, मेसेज येतात, आणि त्याला याची काही सूचना जात नाही. दिवाळीचा प्रश्न इथंच मिटतो.

अडचण अशी की मोबाइलच्या फेसबुक ॲपमध्ये 'ब्लॉकिंग' उघडलं तर बहुतेक वेळा फक्त ब्लॉक केलेल्या माणसांची यादी दिसते, आणि फेसबुक लाइटमध्ये तर पर्याय आणखी कमी. त्यामुळे लोक शोधून शोधून थकतात आणि सोयच नाही असं धरून चालतात. पूर्ण यादी ब्राउझरमध्ये मिळते. क्रोममध्ये फेसबुकची साइट उघडून लॉगिन करा, वरच्या तीन ठिपक्यांतून 'डेस्कटॉप साइट'वर टिक करा. अक्षरं बारीक होतील, दोन बोटांनी मोठी करून घ्या. मग उजवीकडे वर तुमच्या फोटोवर दाबा, 'सेटिंग्ज अँड प्रायव्हसी', त्यात 'सेटिंग्ज', त्यात 'ब्लॉकिंग'. खाली सरकत गेलं की 'ब्लॉक ॲप इन्व्हाइट्स' आणि 'ब्लॉक ॲप्स' अशा दोन वेगळ्या ओळी सापडतील. सेतू केंद्राच्या कॉम्प्युटरवर हे जास्त सोपं जातं, फक्त पासवर्ड सेव्ह करू देऊ नका आणि निघताना लॉगआउट करा.

या दोन ओळींत गल्लत होते. एकच माणूस दहा गेमांची आवतनं धाडत असेल तर 'ॲप इन्व्हाइट्स'मध्ये त्या माणसाचं नाव. एकाच गेमची आवतनं दहा माणसांकडून येत असतील तर 'ब्लॉक ॲप्स'मध्ये त्या गेमचं नाव. गेम ब्लॉक केला की तो फेसबुकमार्फत तुमच्याशी संपर्क करू शकत नाही आणि तुमची सार्वजनिक नसलेली माहितीही घेऊ शकत नाही. नाव नुसतं टाइप करून सोडू नका. खाली जी यादी उघडते तिच्यातून निवडलं तरच ते ब्लॉक होतं. लुडो आणि तीन पत्ती या नावांचे डझनभर गेम आहेत, तेव्हा आलेल्या रिक्वेस्टवरचं चित्र बघून तोच निवडा. भाच्याचंही तसंच. पोट्ट्यांचं फेसबुकवरचं नाव शाळेच्या दाखल्यावरचं नसतं. कोणी 'किंग', कोणी कुठल्या दादाचा 'कट्टर समर्थक'. प्रोफाइल उघडून जसं नाव आहे तसंच, त्याच लिपीत टाका.

रिक्वेस्ट का येतात, हेही समजून घ्या, म्हणजे भाच्यावरचा राग थोडा उतरेल. कँडी क्रश सागाचं उदाहरण घ्या. त्यात एका वेळी जास्तीत जास्त ५ जीव, म्हणजे खेळायच्या संधी, मिळतात आणि संपलेला एक जीव भरायला ३० मिनिटं लागतात. पोरगं पाचही जीव घालवून बसलं की पुढं दोनच वाटा: थांबा, पैसे भरा. तिसरी वाट गेमच पुढं करतो: मित्रांकडे मागा. काही गेमांत मित्रांच्या यादीपुढं टिक आधीच केलेली असते. पोरगं घाईत 'सेंड' दाबतं आणि मामी, मामा, शाळेचे सर, झाडून सगळ्यांना एकदम आवतन जातं. त्याला बिचाऱ्याला पत्ताही नसतो. ही युक्ती जुनी आहे. २००९ साली आलेल्या फार्मव्हिलमध्ये पडद्यावरच्या वावराला शेजाऱ्यांची मदत लागायची आणि त्यासाठी सगळ्या मित्रांना रिक्वेस्ट जायच्या. तो गेम २०२० च्या डिसेंबरअखेर फेसबुकवरून बंद झाला, रीत मात्र राहिली.

आता एक बटण जपून वापरा. फेसबुकच्या सेटिंग्जमध्ये 'ॲप्स अँड वेबसाइट्स' आहे. तिथं 'गेम अँड ॲप नोटिफिकेशन्स' बंद करता येतं, ते खुशाल करा. पण त्याच भागात 'ॲप्स, वेबसाइट्स अँड गेम्स' असं आणखी एक आहे. ते बंद केलं की फेसबुकचं खातं वापरून दुसऱ्या कोणत्याही ॲपमध्ये लॉगिन होत नाही. तुमच्या फोनवर लेकरानं फेसबुकनं लॉगिन करून गेम खेळला असेल तर त्याची गेमातली प्रगती अडकते, ते रडतं, आणि रात्री कोणीतरी ते बटण परत चालू करतं. मग आठवड्यानं तक्रार येते की सेटिंग टिकत नाही. घरात एकच फोन चारजण वापरत असाल तर या बटणाला हात न लावलेलाच बरा.

सेटिंग न टिकण्याचं दुसरं कारण आपल्याकडचं नेटवर्क. रेंज एका काडीवर असताना बटण पडद्यावर सरकतं, पण बदल सर्व्हरपर्यंत पोचत नाही. पान बंद करून पुन्हा उघडा. बदल तसाच दिसला तरच तो झाला समजा.

कागदावर 'क्रोम' हे नाव जास्त वेळा आलं असेल तर फेसबुकचा दोष नाही. हे सगळ्यात जास्त घडतं आणि सगळ्यात कमी लोकांच्या लक्षात येतं. कापसाचे भाव, दहावीचा निकाल किंवा पिक्चर बघायला एखादी साइट उघडली, तिनं 'अलाऊ' विचारलं, आपण दाबलं. निकाल लागून वर्ष झालं तरी ती साइट 'जॅकपॉट लागला' म्हणून घंटी वाजवत राहते. त्याच नोटिफिकेशनमध्ये बहुधा 'अनसबस्क्राइब' असं बटण असतं, ते दाबा. पूर्ण सफाईसाठी क्रोमचे तीन ठिपके, 'सेटिंग्ज', 'साइट सेटिंग्ज', 'नोटिफिकेशन्स'. 'अलाऊड'खाली जितकी अनोळखी नावं दिसतील तितकी एकेक करून ब्लॉक करा. वरचं मुख्य बटणच बंद केलं तरी चालतं. साइटच्या नोटिफिकेशनवाचून कोणाचं अडत नाही.

फोन कंपनीचं गेम सेंटर किंवा ॲप स्टोअर असेल तर नोटिफिकेशन दाबून धरा आणि तिथंच बंद करा. स्वस्त फोनात हे आधीपासून भरलेलं येतं, काढता येत नाही, पण गप्प बसवता येतं. एसएमएसनं येणाऱ्या जाहिरातींसाठी १९०९ वर फोन करून डीएनडी, म्हणजे नको ते कॉल-मेसेज अडवायची सोय, लावून घ्या. त्याचा फेसबुक-व्हॉट्सॲपशी काही संबंध नाही.

व्हॉट्सॲपचं दार वेगळं. तिथं गेम स्वतः येत नाही, माणूस तो आणतो. अनोळखी ग्रुपात कोणी परस्पर ओढू नये म्हणून 'सेटिंग्ज', 'प्रायव्हसी', 'ग्रुप्स' इथं 'एव्हरीवन'च्या जागी 'माय कॉन्टॅक्ट्स' करा. ओळखीचाच एखादा ओढत असेल तर 'माय कॉन्टॅक्ट्स एक्सेप्ट' घेऊन त्याच्यापुढं टिक करा. आधीच घातलेल्या रमीच्या ग्रुपातून बाहेर पडताना 'रिपोर्ट' करून पडा. त्या ग्रुपचे शेवटचे पाच मेसेज व्हॉट्सॲपकडं जातात, बाकीच्या चॅटला धक्का लागत नाही. बाहेर पडल्याची खबर आता फक्त ॲडमिनला कळते, सगळ्या ग्रुपला नाही.

बचत गटाचा ग्रुप तुमचा असेल तर 'फक्त ॲडमिन मेसेज टाकतील' हा उपाय करू नका. हप्त्याच्या पावत्यांचे फोटो बायका तिथंच टाकतात, ते थांबेल आणि गटाचं कामच अडेल. त्याऐवजी लिंक पडली की ॲडमिन म्हणून तो मेसेज सगळ्यांसाठी डिलीट करा. ग्रुप परमिशन्समध्ये नवीन माणूस घालायचा अधिकार ॲडमिनकडं ठेवा. आणि ग्रुपची जॉइन-लिंक कधी बाहेर फिरली असेल तर 'इन्व्हाइट व्हाया लिंक'मध्ये जाऊन 'रिसेट लिंक' करा, म्हणजे जुनी लिंक निकामी होते. हे शेवटचं बरेच ॲडमिन करत नाहीत आणि मग अनोळखी नंबर येतात कुठून म्हणून डोकं खाजवतात.

लुडोचा कोड आणि रमीची लिंक या दोन गोष्टी एका पारड्यात तोलू नका. लुडोचा कोड म्हणजे खोलीचा नंबर. त्रास आहे, धोका नाही. पैसे लावून खेळायच्या गेमची लिंक टाकणाऱ्याला बहुधा तुमच्या नावावर बोनस मिळणार असतो, म्हणून तो इतका आग्रह करतो. अशा पैशाच्या ऑनलाइन गेमांवर बंदी घालणारा कायदा संसदेनं २०२५ च्या ऑगस्टमध्ये संमत केला, २२ ऑगस्टला त्यावर राष्ट्रपतींची सही झाली. खेळणाऱ्याला त्यात शिक्षा नाही. पण असा गेम चालवणाऱ्याला ३ वर्षांपर्यंत कैद, १ कोटीपर्यंत दंड किंवा दोन्ही, तर जाहिरात करणाऱ्याला २ वर्षांपर्यंत कैद, ५० लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी तरतूद आहे. ग्रुपात एवढंच लिहून टाका. पुष्कळांचा हात लिंक टाकताना थबकेल.

लिंकऐवजी फाइल आली आणि तिच्या नावाच्या शेवटी 'एपीके' (apk, म्हणजे थेट ॲप बसवणारी फाइल) असेल, तर ते आवतन नाही, दरोडा असू शकतो. लग्नपत्रिका, आरटीओचं चलान, पीएम किसानची यादी, अशा नावांनीही ही फाइल फिरते. ती फोनात इन्स्टॉल केली की एसएमएस वाचायची परवानगी मागते, ती मिळाली की बँकेचा ओटीपी तिकडं जातो. अडवायचं कसं, तर फोनच्या सेटिंग्जमध्ये वर शोधायची जागा असते, तिथं 'अननोन' टाइप करा. 'इन्स्टॉल अननोन ॲप्स' सापडेल. त्यात व्हॉट्सॲप, क्रोम आणि फाइल मॅनेजर, तिन्हींपुढचं बटण बंद करा. टाकून झालीच असेल तर आधी एअरप्लेन मोड, मग ते ॲप काढा. 'अनइन्स्टॉल' फिकट दिसून दबत नसेल तर सेटिंग्जमध्ये 'डिव्हाइस ॲडमिन' शोधून त्याचा अधिकार काढा, मग निघतं. त्यानंतर दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवा, आणि पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या मदत क्रमांकावर. इथं उद्या बघू असं करून चालत नाही, पैसा जितका पुढं सरकतो तितका तो अडवणं कठीण होतं.

इन्स्टाग्राम आणि टेलिग्रामवर काम एकेका ओळीचं आहे. टेलिग्राममध्ये 'प्रायव्हसी अँड सिक्युरिटी', त्यात 'ग्रुप्स अँड चॅनल्स' किंवा 'इन्व्हाइट्स', तिथं 'माय कॉन्टॅक्ट्स'. इन्स्टाग्रामच्या मेसेजच्या सेटिंगमध्ये ग्रुपात कोण घालू शकतं ते ठरवता येतं, तिथं तुम्ही फॉलो करता तेवढीच माणसं ठेवा.

आणि हो, तुमच्या फोनवरूनही आवतनं जात नाहीत ना, तेही बघा. लेकरू तुमच्या खात्यानं खेळत असेल तर तुमच्या नावानं सीआरपी ताईंनाही (गावात उमेदचं काम बघणाऱ्या ताईंना) जीव मागितला गेला असेल. फेसबुकच्या त्याच 'ॲप्स अँड वेबसाइट्स'मध्ये जोडलेल्या गेमांची यादी असते. नको तो गेम 'रिमूव्ह' करा, आणि काढताना तुमच्या नावानं त्यानं टाकलेल्या पोस्टही डिलीट करायचा चौकोन दिसेल, त्यावर टिक करा. गेमवाल्यानं आधी नेलेली माहिती यानं परत येत नाही, पुढचं जाणं थांबतं. फोनच्या सेटिंग्जमध्ये त्या गेमची 'कॉन्टॅक्ट्स' परवानगीही काढून टाका.

यातलं 'ब्लॉक ॲप इन्व्हाइट्स', 'ब्लॉक ॲप्स' वगैरे फेसबुकच्या खात्यावर नोंदलं जातं, त्यामुळे फोन बदलला तरी ते राहतं. क्रोमची साफसफाई, 'अननोन ॲप्स' आणि दाबून धरून बंद केलेली नोटिफिकेशनं मात्र त्या फोनपुरतीच असतात. नवीन फोन घेतला की ती तीन पुन्हा करावी लागतील.